पुसण्यास हरकत नाही

ओव्हाळ कोणाच्याही घरी गेले की आधी पाणी मागत. पावसाळा असो, नुकताच चहा झालेला असो, उंबऱ्यातच उभे राहून म्हणत, "जरा पाणी मिळेल का?" आणि मिळालं की सगळं पिऊन टाकत. मी त्यांचा ध्वनिमुद्रक. खांद्याला यंत्राचं ओझं घेऊन मी त्यांच्यामागे ताटकळत उभा, आणि या पाणीपुराणापायी मनातल्या मनात चरफडत असे. एकदा म्हणालोही, "साहेब, तुमच्या पोटात विहीर आहे का?"

ते हसले. "तहान नसते हो भोईर. पाणी कसं देतात ते बघून घेतो. मग कॅमेरा किती जवळ न्यायचा ते कळतं."

मला हा दिग्दर्शकी चक्रमपणा वाटला. तांब्या हातात देतात की ओंजळीत वरून ओततात, हे बघायची वेळ माझ्यावर आयुष्यात कधी आली नव्हती. आम्ही कर्जतचे भोईर, शेतीभातीवाले, आम्हाला पाणी सरळ मिळतं. त्यांचा प्रश्न माझ्या डोक्यात शिरायला तीनेक वर्षं लागली. शिरला तेव्हा स्वतःचीच लाज वाटली. पण तोवर त्यांना तसं सांगायची वेळ निघून गेली होती.

भास्कर ओव्हाळ मुंबईच्या टीव्ही केंद्रात निर्माते होते. ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीची ती वर्षं. महिन्यातून एकदा त्यांचा अर्ध्या तासाचा कार्यक्रम असे, 'गळा आणि माणूस'. दर खेपेला एक गाणारा, नकलाकार नाहीतर सोंगाडी घ्यायचा आणि त्याचं चित्र काढायचं. 'चित्र काढायचं' हा त्यांचाच शब्द. मुलाखत म्हटलेलं त्यांना खपत नसे. "मुलाखत पुढाऱ्यांची घ्यावी, गाणाऱ्याचं चित्र काढावं," असं ते म्हणत. जन्म चौकजवळच्या बौद्ध वस्तीतला, नोकरी मुंबईत, आणि राहायला पळसदरीला दोन खोल्या. लग्न केलं नव्हतं. कोणी विचारलंच तर म्हणत, "राहून गेलं." पांढरा शर्ट, बाह्या दुमडलेल्या, खिशात दोन पेनं. त्यातलं एक कधीच चालत नसे, पण ते फेकतही नसत.

चित्र काढायची ही खोड त्यांना लागली ती प्रशिक्षणात. एक फ्रेंच पाहुणा शिकवायला आला होता. त्याने आपल्या देशातल्या गाणाऱ्यांवर केलेली टीव्हीची छोटी छोटी चित्रं दाखवली. एक उतारवयाची बाई, साधा काळा झगा, कुठल्याशा हॉटेलात गातेय. बाकीचे निर्माते दिवे कसे लावलेत ते वहीत लिहून घेत होते. ओव्हाळ रडत होते. मला हे त्यांनी स्वतःच सांगितलं, आणि सांगताना लाजले. "भाषेतलं एक अक्षर कळत नव्हतं, भोईर. गाणं कळलं नाही, पण बाई कळली. आणि आमच्या शेवंताआत्याची आठवण आली. म्हटलं, हिला कोण दाखवणार?"

त्यांची पद्धत जगावेगळी होती. गाणाऱ्याला ते आधी गायलाच देत नसत. दुसऱ्या कोणाचं तरी गाणं त्याला ऐकवत, आणि तो ऐकत असताना कॅमेरा त्याच्या तोंडावर ठेवत. "गाताना माणूस गाण्याच्या आड लपतो. ऐकताना लपायला जागा नसते." गाणं त्यानंतर.

आणि सगळ्यात शेवटी माझं काम. प्रत्येक जागेची स्वतःची एक शांतता असते. संकलनात दोन तुकडे जोडताना मधे तीच शांतता भरावी लागते, नाहीतर कानाला ठेच लागते. म्हणून शूटिंग संपलं की सगळ्यांनी अर्धं मिनिट गप्प राहायचं आणि मी नुसती खोली ध्वनिमुद्रित करायची. आमच्या वरच्या साहेबांना हे पसंत नव्हतं. कॅसेटी मोजून मिळत, त्यावर काहीच नसलेलं कशाला भरता, असं त्यांचं म्हणणं. मग मी घरून माझं जुनं स्पूलचं यंत्र आणू लागलो आणि सगळ्या गावांच्या शांतता एकाच स्पूलवर, जागा सापडेल तिथं, घेऊ लागलो. बाकीचे निर्माते तेवढ्यात विडी ओढायला बाहेर पळत. ओव्हाळ थांबत. ते आधी गावाचं नाव सांगत, मग माणसाचं, आणि मग हळूच म्हणत, "आता कोणी बोलू नका." उजवा हात वर करत, बोटं मिटलेली. तो हात खाली येईपर्यंत अख्ख्या घरात कोणी हलत नसे, शेंबडी पोरंसुद्धा.

माथेरानला एका हॉटेलात डॉमनिक नावाचा वेटर होता. संध्याकाळी पाहुणे जेवायला बसले की पांढरा कोट चढवून इंग्रजी गाणी म्हणायचा. आम्ही सामान घोड्यावर लादून वर गेलो. घोडा तीनदा बसला आणि त्या तीनही वेळा मला माझी बायको आठवली, कारण यंत्र फुटलं असतं तर घरी बोलणी मला बसली असती. मालकाची इच्छा होती की हॉटेलची पाटी दिसावी, भरलेलं जेवणघर दिसावं. ओव्हाळ 'हो हो' म्हणाले आणि सीझन संपल्यावर सात दिवसांनी गेले. जेवणघर रिकामं, खुर्च्या टेबलांवर उलट्या ठेवलेल्या. ओव्हाळांनी त्याला म्हटलं, "रोजचं काम करा." डॉमनिक एकेक रुमाल घडी घालत बसला. शंभर तरी असतील. कॅमेरावाला वैतागला. पण साठाव्या का सत्तराव्या रुमालाला डॉमनिक आपणहून गुणगुणू लागला, त्याच्या आईचं कोकणीतलं गाणं, जे त्याने पाहुण्यांपुढे कधी म्हटलं नव्हतं. ते झाल्यावर म्हणाला, "साब, ये तो मैंने किसी को नहीं सुनाया." ओव्हाळ म्हणाले, "आम्ही कुठं कोणी आहोत?" मालक मात्र पाटी दिसली नाही म्हणून चार महिने पत्रं पाठवत होता.

चौकच्या गॅरेजातले पांडू मिस्त्री गाड्यांच्या नकला करायचे. नुसत्या तोंडाने घाट चढणारा भरलेला ट्रक, त्याचा गिअर अडकणं, क्लीनरचं ओरडणं, सगळं. माझ्यासारख्या कानाच्या माणसाला ती मेजवानीच होती. त्यांना ओव्हाळांनी विचारलं, "मिस्त्री, तुमच्या स्वतःच्या आवाजात काहीतरी बोला ना." मिस्त्री म्हणाले, "त्यो कसा हाय ते इसरलो बगा मी." ओव्हाळांनी चित्राचा शेवट त्या वाक्यावर केला.

अशी बावीस चित्रं झाली. त्यात दुसरं शेवंताबाईंचं.

शेवंताबाई ओव्हाळांच्या वस्तीतल्या, नात्याने लांबच्या आत्या. धर्मांतरानंतर गावोगाव ज्या गायन पार्ट्या निघाल्या, त्यातल्या एका पार्टीच्या त्या मुख्य गायिका. दिवसा दुसऱ्याच्या शेतावर भाताची लावणी, संध्याकाळी पेटी-ढोलकी घेऊन खालापूर तालुक्यात कुठंही पायी. नामकरण असो, लग्न असो, मयताचं पुण्यानुमोदन असो, शेवंताबाई हजर. आवाज खडा. साठीला त्यांना दमा लागला, तरी गाताना तो कुठं जाई कोण जाणे. गाणं थांबलं की छातीत शिट्टी वाजायला लागे.

त्यांच्या घरी ओव्हाळांनी पाणी मागितलं तेव्हा त्या ओरडल्या, "मेल्या, सोताच्या घरात पानी मागतोस? हंडा कुटं हाय तुला ठावं नाय?" ओव्हाळ आत जाऊन, हंड्यात तांब्या बुडवून पाणी प्यायले. त्या दिवशी ते फार खुशीत होते. मी त्यांना तसं पुन्हा पाहिलं नाही.

शांतता घ्यायची वेळ आली. ओव्हाळांनी नाव घेतलं, हात वर केला. सगळे गप्प. आणि बाईंच्या छातीतली शिट्टी माझ्या कानात स्पष्ट. मी मान हलवली, यंत्र थांबवतो अशी खूण केली. ओव्हाळांनी हात खाली आणला नाही. नंतर म्हणाले, "भोईर, ही तिचीच शांतता आहे. असू द्या."

कार्यक्रम लागला त्या संध्याकाळी चौकच्या ग्रामपंचायतीच्या टीव्हीपुढे अख्खी वस्ती जमली होती. शेवंताबाईच नव्हत्या. पलीकडच्या गावात एकाचं पुण्यानुमोदन होतं, तिथं गायला गेल्या. दुसऱ्या दिवशी ओव्हाळ चिडले तर म्हणाल्या, "मेलेल्या मानसाला सांगू, थांब रं बाबा, मी टीवी बगून येते? परत लावतील की कदी."

"लावू की. नाहीतर केंद्रावर घेऊन जातो तुला. मोठ्या पडद्यावर बघ," ओव्हाळ म्हणाले.

आता इथे एक गोष्ट सांगायला हवी, जी घरी टीव्ही बघणाऱ्या कोणालाच ठाऊक नव्हती. फिल्म पुसता येत नाही, टेप येते. टेप परदेशातून येई आणि कायम अपुरी पडे. म्हणून नवीन कार्यक्रमाला टेप हवी असेल तर निर्मात्याने आपल्याच एखाद्या जुन्या कार्यक्रमाची टेप मोकळी करून द्यायची. त्यासाठी छापील चिठ्ठी होती. तीत कार्यक्रमाचं नाव लिहायचं, आणि खाली छापलेलंच असे: 'पुसण्यास हरकत नाही.' त्याखाली सही. थोडक्यात, एक माणूस पुसल्याशिवाय दुसरा मिळत नसे. डॉमनिक पुसला तेव्हा पांडू मिस्त्री मिळाले, आणि मिस्त्रींनाही पुढे कोणासाठी तरी जावं लागलं. या सह्या ओव्हाळ त्या न चालणाऱ्या पेनाने करायला बसत. दोनचार वेळा कागदावर कोरडंच ओरखडत, आणि मग दुसरं पेन काढत. मी बघितलंय.

शेवंताबाईंची टेप ते दीड वर्ष मागे मागे सरकवत राहिले. मग एका सकाळी मी कपाटाशी उभा असताना त्यांनी चिठ्ठीवर तिचं नाव लिहिलं. पुढच्या चित्रासाठी टेप हवी होती.

"साहेब," मी म्हणालो, "आत्यांनी अजून बघितलेलं नाही."

"माहीत आहे."

"मग दुसरी द्या ना. अजून सहा आहेत कपाटात."

ते माझ्याकडे न बघता म्हणाले, "सगळ्यांची पुसत आलो, भोईर. तिचीच राहिली तर उद्या कोणीतरी म्हणेल, ओव्हाळांनी आपलं माणूस तेवढं राखलं. त्या तोंडांना मला निमित्त द्यायचं नाही. पुढच्या महिन्यात जाऊन पुन्हा चित्र काढू. ती काय पळून चाललीय?"

माझी कोणी अशी तपासणी करणार नव्हतं. मी माझ्या मामाच्या भजनी मंडळाला दोनदा टीव्हीवर आणलं होतं आणि कोणी हूं की चूं केलं नव्हतं. हे मला तेव्हाच त्यांना सांगता आलं असतं. ओढून ती चिठ्ठी फाडता आली असती. मी कपाटाला कुलूप लावलं.

ती टेप एका बुवांच्या चित्राला गेली. बुवांच्या घरी ओव्हाळांनी पाणी मागितलं, ते अंगणात, ओंजळीत मिळालं. ते सगळं प्यायले. मी वाट बघत होतो की आता कॅमेरा लांब लावतील. त्यांनी जवळच लावला. चित्र उत्तम झालं. बुवांनी खुशीचं पत्र पाठवलं.

पुढचा महिना सरला, त्याच्या पुढचाही. कामं निघत गेली. पावसाळ्यात शेवंताबाईंचा दमा वाढला आणि खोपोलीच्या दवाखान्यात नेईपर्यंत त्या गेल्या. निरोप केंद्रावर आला तेव्हा ओव्हाळ संकलनाच्या खोलीत होते. मी सांगितलं. ते म्हणाले, "बरं." थोड्या वेळाने मी पुन्हा डोकावलो, तर पडद्यावर बुवा गात होते, आवाज बंद करून ठेवलेला, आणि ओव्हाळ नुसते बघत बसले होते. त्याच टेपवर, खाली कुठंतरी आत्या दिसेल असं वाटल्यासारखे. टेपवर खाली काही उरत नाही. हे मला कळत होतं आणि त्यांनाही.

शेवंताबाईंची लेक मंगल, खालापूरला दिलेली. ती पुण्यानुमोदनालाच म्हणाली, "भास्करदादा, आईचा एक फोटू नाय आमच्याकडं. तुमच्याकडची फिल्लम एकदा दावा. माझी पोरगी लहान हाय, तिनं आजीला गाताना बगितलंच नाय."

"आहे. शोधायला लागेल," ओव्हाळ म्हणाले.

त्यांच्या तोंडून मी ऐकलेली ती पहिली थाप. तीन महिन्यांनी ती परत आली, तेव्हा दुसरी. त्यानंतर त्यांनी चित्रं काढणं थांबवलं. टेप मागायलाच जाईनात. वरच्यांनी विचारलं तर म्हणाले, "माणसं संपली." शेतीच्या कार्यक्रमावर बदली झाली, तीही मुकाट्याने घेतली. नंतर नंतर रजेवरच असत. खंगत चालले होते. डॉक्टर काही म्हणोत, मला विचाराल तर तो माणूस त्या चिठ्ठीने खाल्ला.

एका रविवारी दुपारी मी पळसदरीला त्यांच्याकडे गेलो होतो. मुद्दाम स्पूलचं यंत्र घेऊन. आदल्या आठवड्यात माळा आवरताना ते स्पूल हाती लागलं होतं, आणि त्याच्यावर काय आहे हे आठवून मी बाकीचा माळा तसाच टाकून खाली उतरलो होतो. त्यांना सांगितलं तर त्यांनी नुसता यंत्रावर हात ठेवला. तेवढ्यात दारात मंगल. सोबत तिची पाच-सहा वर्षांची मुलगी.

ओव्हाळ उठले. "मंगल, बस," म्हणाले आणि उभ्यानेच सगळं सांगून टाकलं. टेप नाही. पुसली. मीच सही केली. त्यांनी कारण सांगितलं नाही. मी सांगायला तोंड उघडलं, तर त्यांनी माझ्याकडे असं बघितलं की मी गप्प बसलो.

मंगल रडली नाही. "कवा?" एवढंच विचारलं.

"ती होती तेव्हाच."

"म्हंजी आई हुती, आनि तुमी तिला पुसली."

ओव्हाळ 'हो' म्हणाले. मग मला म्हणाले, "भोईर, लावा."

मी यंत्र सुरू केलं. ओव्हाळांचाच आवाज आला, तरुण, भरदार. "माथेरान. डॉमनिक. आता कोणी बोलू नका." मग रिकामं जेवणघर, दूर कुठंतरी घोड्याच्या टापा. "चौक. पांडू मिस्त्री. आता कोणी बोलू नका." कुठल्याच गाण्याचा सूर नाही, कोणाचा शब्द नाही. कपाटात उरलेल्या टेपाही तोवर शेतीच्या कार्यक्रमांना गेल्या होत्या. चित्र काढलेल्या बावीस माणसांचं पृथ्वीवर एवढंच शिल्लक होतं, प्रत्येकाचं अर्धं मिनिट गप्प बसणं. रिकाम्या जागी मिळेल तसं घेतल्यामुळे मागचे पुढे झाले होते. मग ते आलं. "शेवंताआत्या. आता कोणी बोलू नका."

कोंबडीचं कुरकुरणं. काकणं एकदा वाजली. आणि शिट्टी. आत जाणारी, बाहेर येणारी, परत आत जाणारी.

मंगलचा हात तोंडावर गेला. "आईचा दम हाय ह्यो," ती म्हणाली. मुलीला ओढून यंत्राजवळ घेतलं. "ऐक गं. आजी हाय. आजी बसलीय." मुलगी कान लावून ऐकू लागली.

अर्धं मिनिट संपलं. मंगल ओव्हाळांकडे वळली आणि तेव्हा तिचे डोळे भरून आले. "गानं पुसलंत आनि दम ठेवलात व्हय, भास्करदादा?"

मग ती मला म्हणाली, "परत लावा."

मी पाच वेळा लावलं. सहाव्या वेळी तिने नको म्हणून हात केला. मी स्पूल काढून तिच्या हातात दिलं. यंत्र कुठून आणणार होती ती? पण तिने ते पदरात गुंडाळलं आणि कमरेला खोचलं. उठताना मुलीला म्हणाली, "मामाच्या पाया पड." मुलगी पाया पडली. ओव्हाळ आत गेले, तांब्याभर पाणी आणलं आणि मंगलपुढे धरलं. तिने ते घेतलं, उभ्याउभ्या सगळं प्यायली आणि तांब्या खाली ठेवला.

स्टेशनापर्यंत सोडायला मी तिच्याबरोबर निघालो. पायवाट धरणाच्या अंगाने वळते तिथून त्यांचं दार दिसतं. मी मागे बघितलं. ओव्हाळ पायरीवर उभे होते आणि त्यांचा उजवा हात वर होता. मला वाटलं, निरोप देताहेत. मीही हात वर केला आणि 'येतो साहेब' म्हणून हाक मारणार, तेवढ्यात लक्षात आलं. हात हलत नव्हता. बोटं मिटलेली होती.

दोन महिन्यांनी ते गेले, मी तेव्हा कोल्हापूरकडे शूटिंगला होतो. म्हणजे माझं त्यांचं शेवटचं बघणं ते एवढंच. वळणावर आम्ही तिघं थांबलो होतो. ती पोरगीसुद्धा काही बोलली नाही. हात खाली येईल म्हणून मी बराच वेळ वाट बघितली. तो खाली आला नाही, आणि 'येतो' म्हणायला उघडलेलं तोंड मी मिटून घेतलं.